खालच्या गॅलरीतली कुंडी

४ फेब्रुवारी
मागच्या इमारतीतल्या निवृत्त बाई गेल्या. एकट्याच होत्या. कधी गेल्या, कुणालाच सांगता येईना. धाकट्या मुलाचा परदेशातून फोन — "आई, मनगटावर बांधायचं यंत्र पाठवतो. पडलीस की मला लगेच कळेल." पाठव म्हटलं.
लहानपणी शाळेच्या वसतिगृहात सिस्टर रोज सकाळी आमची डोकी मोजायच्या. एक जरी कमी भरली तरी न्याहारी सुरू होत नसे. आम्ही उशिरा उठणारीच्या नावाने खडे फोडायचो. आता मला कोण मोजतं?

९ फेब्रुवारी
कुंड्यांना पाणी जास्त झालं. खालच्या गॅलरीत चष्मेवाले बसले होते — चष्म्यांचं दुकान विकलं, बायको गेली, तेव्हापासून तेही एकटेच. खालून आवाज — "अहो वरच्या बाई, पेपर वाचायचा की पिळायचा?"
सॉरी म्हटलं. मग लक्षात आलं, दिवसभरात माझ्या तोंडून निघालेला तेवढाच शब्द.

१० फेब्रुवारी
आज मुद्दाम सांडलं. (सिस्टर, क्षमा!)
"एकदाचा पूरच आणा!"
"खुर्ची मागे घ्या की."
"खुर्ची माझी, ऊन माझं. मी का हलू?"
दिवस बरा गेला.

१४ फेब्रुवारी
रोजचं भांडण झालं. आज त्यांनी पेपरातली बातमीही वाचून दाखवली, भिजलेली बाजू सोडून.

१८ फेब्रुवारी
पाणी सांडलं. खालून काहीच नाही. वाकून पाहिलं — खुर्ची आत नेलेली. धार पडते बरोबर त्या जागी एक कुंडी, नुसती माती भरलेली. म्हणजे बंदोबस्त केला. मीच अति केलं, तुटेपर्यंत ताणलं.
यंत्र आलं. खणात ठेवलं.

१९ फेब्रुवारी
पाणी घातलं. खाली शांत.

२३ फेब्रुवारी
ताप. कालपासून उठवत नाही. कुंड्या तशाच. यंत्र कसंबसं बांधलं, पण मी पडलेली नाही, झोपलेली आहे. ते बिचारं काय कळवणार!

२४ फेब्रुवारी
सकाळी बेल. भिंत धरत दारापर्यंत गेले. चष्मेवाले. जिना चढून धाप लागलेली, हातात ती कुंडी, तिच्यात पुदिन्याचे चार कोंब, माना टाकलेले.
"परवापासून थेंब नाही," म्हणाले. "हा उपाशी, म्हणून मीही अजून चहा घेतलेला नाही. चहाचं आधण कशात ठेवू?"