पोस्टमनचे बूट आणि पेलिसोची बशी

नेपरव्हिल (अमेरिका), ८ फेब्रुवारी

तीर्थस्वरूप कांचनमावशीस,

शंतनूचा साष्टांग नमस्कार. (अंगावर तीन थर कपडे आहेत, त्यामुळे प्रत्यक्षात कमरेपर्यंतच वाकलो आहे. बाकीचा तू धरून चाल.) तुझे गुडघे काय म्हणतात? काकांचा खोकला? इकडे उल्का बरी आहे. आमचा यश "आय ॲम गुड" याच्यापुढे काही सांगत नाही, म्हणजे तोही बराच असावा. स्पर्धेत ऐन प्रवेशात शब्द आठवले नाहीत म्हणून तू नाटक सोडलंस आणि तेव्हापासून फोनही उचलत नाहीस, असं तुझ्या लेकीने, लतिकाने कळवलं. म्हणून हे कागदावरचं पत्र. पस्तीस वर्षं सासवा, मोलकरणी आणि शेजारणी केलेल्या बाईला उपदेश करायची माझी लायकी नाही. मी आपली माझीच फजिती सांगतो.

आमच्या मंडळाच्या नाटकात मला पोस्टमनचं काम मिळालं. एक प्रवेश आणि एक वाक्य, "वहिनी, रजिस्टर आहे, सही करा." मी चिडलो. (तोंडावर नाही. तोंडावर "एनी रोल इज फाइन, यार" म्हणालो आणि घरी येऊन उल्काचं डोकं खाल्लं.) काम सोडणारच होतो, तेवढ्यात नाटक बसवणाऱ्या रेणूताईंनी लायब्ररीतून जुन्या बोलपटांचा एक संच आणून हातात दिला आणि म्हणाल्या, यातला वेटर बघ.

मावशी, तो वेटर म्हणजे आर्मां पेलिसो. पॅरिसच्या रंगभूमीवरचा माणूस. बोलपट नुकते सुरू झाले होते, डबिंग धड जमत नव्हतं, म्हणून हॉलिवूडवाले एकच गोष्ट त्याच सेटवर दोनदा काढायचे, एकदा इंग्रजीत आणि एकदा फ्रेंचमध्ये. पेलिसो सकाळी फ्रेंच सिनेमात नायिकेचा बाप व्हायचा आणि दुपारी त्याच दिवाणखान्यात इंग्रजी सिनेमातला नोकर. पुढे डबिंग जमलं, फ्रेंच सिनेमे बंद पडले, बाप गेला आणि नोकर तेवढा उरला. एकूण एकशेबारा सिनेमे, त्यांतल्या नवांत पडद्यावर नाव. बाकी सगळीकडे वेटर, दरबान, न्हावी. (इंग्रजी येत नव्हतं, वाक्यं नुसती कानाने पाठ करायचा. मीही इथे पहिले सहा महिने मीटिंगमध्ये तेच केलं, पण माझा संच कुणी काढला नाही.)

एका सिनेमात नवरा-बायको हॉटेलात बसून कायमचे वेगळे होताहेत. पेलिसो येतो, बाईसमोर बशी ठेवतो, दोन पावलं जातो, परत येतो आणि माशाची चांगली बाजू तिच्याकडे यावी म्हणून बशी जराशी फिरवतो. बस, एवढंच. मी ते किती वेळा पाहिलं याचा हिशेब उल्काकडे आहे. मी थक्क झालो, मावशी. त्या अख्ख्या सिनेमात त्या बाईसाठी कुणीतरी काहीतरी करतं, आणि तो हा माणूस, ज्याचं नावही पडद्यावर येत नाही. मला माझी लाज वाटली.

मग मी ठरवलं, आपला पोस्टमनही असाच खरा करायचा. प्रयोगाच्या दिवशी इतका खरा झालो की त्यांच्या "घरात" पाऊल टाकताच बूट काढायला बसलो. इथे बर्फातून कुणाकडेही गेलं की आधी दाराशी बूट काढायचे, चौदा हिवाळ्यांची सवय. मधोमध नायक-नायिका घटस्फोटाचं बोलताहेत आणि कोपऱ्यात मी नाडीची गाठ सोडवतोय. नायकाचं काम करणाऱ्या विनयने एकच वाक्य तीनदा म्हटलं. प्रेक्षकांतून कुणीतरी "शू रॅक तिकडे आहे" असंही सांगितलं. शेवटी मोज्यांवर चालत गेलो, तोवर माझं वाक्य विसरलो होतो, म्हणून नुसताच कागद पुढे केला. रेणूताई अजून माझ्याशी फक्त ईमेलवर बोलतात.

काकांना नमस्कार सांग आणि गुडघ्यांना जप.

तुझा,
शंतनू

ता. क. जूनमधल्या नाटकात आजीचं काम आहे. ते मी तुझ्यासाठी मागून ठेवलंय. ये. वाक्यं पानाच्या डब्यावर, वर्तमानपत्रात, विनयच्या पाठीवर, तू म्हणशील तिथे लिहून ठेवू. पेलिसोही शेवटी शेवटी आपली वाक्यं मेनूकार्डात लिहून न्यायचा.

ता. क. २. "मागून ठेवलंय" हे खोटं. तू हो म्हणालीस असं सांगून मोकळा झालोय, आणि मंडळाच्या पत्रकात तुझं नाव छापूनही आलंय.

ता. क. ३. लतिकाने मला तुझ्या त्या स्पर्धेतल्या प्रयोगाचा व्हिडिओ पाठवला होता. मुलगी घर सोडून जाते आणि तू तिच्या उष्ट्या कपाकडे बघत, काही न बोलता, कितीतरी वेळ बसून राहतेस, तिथे मला रडू आवरलं नाही. नंतर लतिकाला फोन करून तसं म्हणालो, तेव्हा ती म्हणाली की तिथे तुझं अख्खं पानभर भाषण होतं.