नगारा की सही

मी, वैजीनाथ भावसिंग राठोड, वय पंच्याहत्तर, धंदा आधी फौज, मग आमदारकी, आता शेती आणि कटकट, राहणार बोरदरी तांडा, तालुका सोनपेठ, जिल्हा परभणी, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दबावाखाली न येता हे मृत्युपत्र लिहून ठेवतो. नशापाणी केलेले नाही. चहा झाला, तोही बिनसाखरेचा; तेवढा एक दबाव पत्नीचा आहे.

१. राहते घर पत्नी दैवशालाचे. तसेही ते तिचेच होते. पाच वेळा निवडून आलो, पण या घरात कायम विरोधी बाकावरच बसलो. तिच्या हयातीत चिरंजीव जीवन याने बैठकीत दुकान किंवा पक्षाचे कार्यालय थाटू नये.

२. शेत जीवन आणि कन्या प्रियांका यांना निम्मे निम्मे. जीवन कुरकुर करील. मुलींच्या हिश्श्यावर मी विधानसभेत तावातावाने बोललो, तेव्हा हाच वर प्रेक्षक गॅलरीत बसून टाळ्या वाजवत होता आणि म्हणून शिपायाने त्याला बाहेर काढले होते, हे त्याने आठवावे.

३. आमदारकी ही माझी मिळकत नाही, म्हणून ती कोणाच्याही नावे करत नाही. जीवनने उगाच पांढरे कपडे शिवू नयेत.

४. सत्काराच्या शालींनी कपाटे भरली आहेत. दिवाळीनंतर तांड्यातली माणसे ऊसतोडीला निघतात, त्या दिवशी ट्रकजवळ उभे राहून त्या वाटाव्यात. ऊसतोडीवरच्या पाचटाच्या कोपीतली थंडी काय असते ते मी लहानपणी भोगले आहे. भेट मिळालेली भिंतीवरची घड्याळे सोयऱ्यांनी न्यावीत. एकही बरोबर वेळ दाखवत नाही.

५. आता नगारा. माझे वडील तांड्याचे नायक होते, हा नगारा त्यांचा. याचे जरा सविस्तर लिहितो.

बजरंग चव्हाण आणि मी एकाच दिवशी फौजेत भरती झालो. एकाहत्तरच्या लढाईत दोघेही वायरलेसवर होतो. एकदा गडबडीत सेटवर आमच्या बंजाऱ्यांच्या गोरबोलीतच सुरू झालो. साहेब आधी खवळले, मग म्हणाले, "असेच बोला, दुश्मनाच्या बापाला कळणार नाही." पुढे आमची तुकडी नदीकाठी गोळीबारात सापडली, तेव्हा कुठून निसटायचे ते बजरंगने सेटवरून आमच्या बोलीत सांगितले. म्हणून मी आज मृत्युपत्र लिहायला शिल्लक आहे.

पहिल्या निवडणुकीला तांड्याने मला उभे केले. नायकाचा पोरगा म्हणून केले, असे बजरंगने मनात धरले. तो अपक्ष उभा राहिला, पडला आणि माझ्याशी बोलणे बंद. मी तांड्यापर्यंत डांबरी सडक आणली, तर हा गृहस्थ आजतागायत तिच्यावर पाय ठेवत नाही. चिखल तुडवत बांधाबांधाने जातो. फक्त होळीला लेंगी गाताना मला नावे ठेवतो, कारण लेंगीत म्हटलेल्याचा राग धरायचा नाही ही आमची रीत. सडकेच्या खड्ड्यांवरची त्याची लेंगी तालुकाभर गाजली. पाय न ठेवता खड्डे कसे कळले, देव जाणे. माझ्या घरचा नगारा मागायला लागू नये म्हणून तेलाचा डबा बडवतो. नगाऱ्यावर त्याच्यासारखा हात कोणाचा नाही, हे मी इथे लेखी देतो.

तेव्हा नगारा बजरंगला द्यावा. पण माझी खरी इच्छा निराळी आहे. त्याने इथे येऊन साक्षीदार म्हणून सही करावी. वकीलबाई म्हणतात, ज्याला काही मिळणार त्याची साक्ष घेऊ नये, मागाहून भांडणे होतात. म्हणून त्याला कालच निरोप धाडला आहे: नगारा की सही, तूच ठरव. सही केली तर नगारा प्रियांकाचा. आला नाही तर नगारा त्याचा, आणि मी त्याच्याशी न बोलताच जाईन. ते मला सोसणार नाही, हे उघड लिहितो.

६. माझ्या मागे पुढाऱ्यांची भाषणे नकोत, हयातीत पुष्कळ ऐकली. बजरंगने तेवढी माझ्यावरची लेंगी म्हणावी, मग होळी असो नसो.

७. या सगळ्याची अंमलबजावणी प्रियांकाने करावी. ती कोणाचे ऐकत नाही, म्हणून तिलाच नेमले.

ठिकाण: बोरदरी तांडा
दिनांक: १२ फेब्रुवारी २०२६
(सही) वैजीनाथ भावसिंग राठोड

साक्षीदार पहिली: (सही) ॲड. धम्मशीला खंदारे, सोनपेठ

साक्षीदार दुसरा: (सही) बजरंग धनसिंग चव्हाण, माजी सैनिक

वाचून सही केली. नगारा पोरीला राहू दे. वैजा, तू मेल्यावर लेंगी म्हणायला मी काय रिकामा हाय का? येत्या होळीला नगारा काढून ठिव, तुह्या तोंडावरच म्हणतो. आज सडकेनं आलोय. लय खड्डे हायेत. पह्यले ते बुजव, मंग मर.