लपवण्याचं वय

मी, खाली सही करणारी, वय वर्षे एकाहत्तर, व्यवसाय चित्रपट दिग्दर्शन (निर्मात्यांच्या दारी न जाता, बहुतेकदा पदरमोड करून), हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत लिहून ठेवते. गुडघे गेले, डोकं जागेवर आहे. तसा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. माझ्यावर कोणाचं दडपण नाही. दडपण आणणारे केव्हाच कंटाळून गेले.

१. कॅमेरा, लेन्स आणि आखूड पायांचा ट्रायपॉड माझ्या छायाचित्रकार बाईंना. पाय वाढवून घेऊ नयेत. वाढत्या वयाच्या मुलीकडे वरून पाहिलं की ती लगेच शहाण्यासारखी वागू लागते आणि दृश्य फुकट जातं.

२. सहाही चित्रपटांचे हक्क त्यांनाच. मी मुलींना संवाद कधी पाठ करायला दिले नाहीत. एवढंच सांगायचे, "आईपासून काय लपवतेस ते मला सांगू नकोस. नुसतं लपव." समीक्षकांनी याला शैली म्हटलं. शैली कसली! माझी धाकटी अकराव्या वर्षी तापाने गेली. तोवर तिने माझ्यापासून काहीच लपवलं नव्हतं. माझ्या पहिल्या चित्रपटातली मुलगी बारा वर्षांची आहे, दुसऱ्यातली तेरा, आणि असंच पुढे. मला तिला मोठी होताना पाहायचं होतं.

३. मोडक्या पायाची खुर्ची वितरकाला. तिच्यावरच बसून तो म्हणाला होता, "पोरगी मोठी होते, ठीक. पण पुढे काय?" आता सावकाश बसून विचार करावा.

४. ध्वनिमुद्रकाला काही नाही, कारण तो साक्षीदार आहे आणि साक्षीदाराच्या नावे काही ठेवू नये, असं वकील म्हणतात. तो म्हणाला, "बाई, जन्मभर काही दिलं नाहीत, ते आज कामी आलं."

५. याआधीच्या मृत्युपत्रात हे घर विकून सातवा चित्रपट, अठरा वर्षांच्या मुलीचा, पुरा करावा असं लिहिलं होतं. ते रद्द समजावं. घर आणि बँकेतली शिल्लक माझ्या मुलाला, म्हणजे धाकटीच्या थोरल्या भावाला.

कारण लिहिणं भाग आहे. गेल्या रविवारी तो माझ्या गोळ्या डबीत भरत होता आणि मी सातव्या चित्रपटाचंच पुराण लावलं होतं. मान वर न करता तो म्हणाला,

"आई, मीपण याच घरात मोठा झालो गं. मीपण लपवत होतो."

"काय लपवत होतास?"

"आता काय त्याचं! तू शोधावंस म्हणून लपवलं होतं."

डबी बंद करून तो गेला. परक्यांच्या मुलींचे चेहरे मी तासन्‌तास न्याहाळले. याला मिसरूड कधी फुटलं, ते मला आठवत नाही.

६. सातवा चित्रपट कोणीही करू नये. माझी मुलगी अकरा वर्षांची होती.

७. मृत्युपत्र माणूस गेल्यावर वाचायचं असतं, असं वकिलांनी मला समजावलं. तरी याची एक प्रत त्यांनी आज संध्याकाळीच माझ्या मुलाच्या हातात द्यावी. राजा, मी अजून आहे. ये. तू काय लपवलं होतंस, ते मला ऐकायचं आहे.

सही : लिहून ठेवणार, दोघांची आई

साक्षीदार : १. घरचे डॉक्टर २. ध्वनिमुद्रक

ठिकाण : राहतं घर, पुढची खोली

दिनांक : १९ नोव्हेंबर