बॉडी आली, लेन्स मागून

ब्रह्मपुरी,
रविवार, अंगणात ऊन आल्यावर

प्रिय राजदीप,

सप्रेम जय भीम. तू, पुनम आणि पुण्याचं तुझं बिऱ्हाड खुशाल असेल असं मी धरून चालतो. तू खुशाल आहेस हे धरून चालताना या वेळी मला नेहमीपेक्षा जरा जास्तच बरं वाटून राह्यलं आहे, त्याचं कारण पुढं येईल. इकडे सगळं ठीक. तुझ्या आईंचा डावा कान आता पुरता बंद झाला आणि उजवा त्यांच्या मर्जीनं चालतो. तुझी बहीण कमळा ठणठणीत आहे (मी हे लिहायला बसल्यापासून तिनं तीनदा 'अजून किती लिवता' असं विचारलं, यावरून समज). फोन का केला नाही म्हणशील, तर फोनवर तू 'हो भाऊजी, हो भाऊजी' म्हणतोस आणि मागं तुझं टाईपिंग ऐकू येत असते. पत्र वाचताना माणसाला दुसरं काही करता येत नाही.

तू पाठवलेला मिररलेस कॅमेरा मिळाला. आभारी आहे. सात वर्षं झाली, दर हिवाळ्यात तू 'या वर्षी नक्की येतो' म्हणतोस आणि तुझ्याऐवजी पार्सल येते. एका वर्षी मिक्सर आला, एका वर्षी बीपी पाहायची मशीन, मागच्या वर्षी पाय दाबायचं यंत्र (त्याच्यावर सध्या मांजर झोपते, तिचे पाय अगदी चांगले आहेत). या वर्षी तू नवा कॅमेरा घेतलास आणि जुना मला पाठवलास, कारण निवृत्तीनंतर भाऊजींना काही छंद असावा. विचार फार चांगला. पण खोक्यावर तू इंग्रजीत जी चिठ्ठी चिकटवलीस, तीवर तुझं नाव आणि त्याच्याखाली 'बॉडी ओन्ली' एवढंच लिहिलं होतं, आणि आमचं दार बंद पाहून कुरिअरवाल्यानं ते खोकं चौकातल्या मुखरू शिंप्याकडं ठेवलं.

मुखरू सातवी शिकला आहे आणि इंग्रजी अक्षरं जुळवून वाचतो, याचा त्याला अभिमान आहे. त्यानं चिठ्ठी दोनदा वाचली, कात्री खाली ठेवली, मशीन थांबवली आणि कमळाला फोन केला. 'बाई, पुण्यावून राजदीपभाऊची बॉडी आली. दुकानातच ठेवली हाये. सही लागते म्हणते.' कमळा शेताच्या पांदणीवर होती, तिथंच बसली. पुण्याला मेलेला माणूस शिंप्याच्या दुकानात कसा येईल, हे तिला सुचलं नाही, आणि पुढं ज्या तेवीस माणसांना ही बातमी कळली त्यांच्यातल्याही एकाला सुचलं नाही. रडायला बसलेल्या माणसाला पत्ता विचारता येत नाही. तुला चौदा फोन लावले. तू मिटिंगमध्ये होतास, उचलला नाहीस, आणि मग तर सगळ्यांची खात्रीच पटली. घराण्याच्या व्हॉट्सॲप गटावर निळं फूल आणि जळती मेणबत्ती फिरू लागली (सकाळच्या शुभेच्छांना कंटाळून तू दोन वर्षांपूर्वी त्या गटातून बाहेर पडलास, म्हणून स्वतःला वाहिलेली श्रद्धांजली तुझी वाचायची राहून गेली. चांगली होती. तू स्वभावानं दिलदार होतास असं सगळ्यांनी लिहिलं).

मी तेव्हा शेजारच्या इसरूच्या खळ्यावर धानाच्या चुरण्यात होतो, फोन घरी. परत आलो तर अंगण पांढऱ्या कपड्यांनी भरलेलं. चामोर्शीवरून प्रफुल, तुझा चुलत भाऊ, जीप भरून माणसं आणि पांढऱ्या कापडाचा तागा घेऊन आला होता. आलापल्लीची मंडळीही पोचली होती. कोण गेलं ते विचारायची सोय नव्हती, म्हणून मी आधी रडून घेतलं आणि मग विचारलं. खरं सांगतो, नाव ऐकल्यावर दुसऱ्यांदा जे रडू आलं ते पहिल्यासारखं नव्हतं. मग चौघं जण खांद्यावर दुपट्टे टाकून मुखरूच्या दुकानात गेले आणि एका हातात खोकं घेऊन परत आले. प्रफुलनं ते उघडलं. फुग्यांच्या कागदात गुंडाळलेला काळा कॅमेरा निघाला, आणि अंगणात जे हसणं सुटलं ते वैनगंगेच्या पुलापर्यंत गेलं असेल. तू जिवंत असल्याचा एवढा आनंद तू जन्मलास तेव्हाही झाला नसेल, असं कमळा म्हणते (ती तेव्हा सहा वर्षांची होती, तिला भाऊ नको होता).

हसून झाल्यावर प्रफुल म्हणाला की लग्न नाही, मयत नाही, आणि तेवीस माणसं एका अंगणात आहेत, तर याच कॅमेऱ्यानं फोटो काढू. सगळे दोन रांगांत उभे राहिले. मी कॅमेरा उचलून पुढचं झाकण काढलं, तर डोळ्याच्या जागी गोल भगदाड. 'याले डोळाच नाई,' खोक्यामागोमाग आलेला मुखरू म्हणाला. तुझी चिठ्ठी खरी होती, नुसती बॉडीच होती. माघी पौर्णिमेला सगळ्यांनी पुन्हा यायचं, तोवर मी लेन्स आणायची, असं ठरलं आणि जिपा गेल्या.

त्यानंतरचे आठ-दहा दिवस, राजदीप, तुला सांगायला लाज वाटते, पण फार गोड गेले. मी सकाळी बाजेवर बसून तो बिनडोळ्याचा कॅमेरा सुरू करायचो आणि मागच्या भिंगातून पाहायचो. त्यात वस्तू दिसत नाहीत, नुसता उजेड दिसतो. धुकं असलं की दुधासारखं पांढरं, ऊन चढलं की धानाच्या तणसाच्या ढिगाकडून पिवळं, मोहाच्या झाडाकडं वळलं की हिरवट. काहीच ठरलेलं नाही, काहीच कोणाचं नाही. कमळा जवळ आली की कोपऱ्यातून जांभळं सरकत यायचं (तिची रोजची साडी) आणि मला आधीच कळायचं की आता चहा येणार किंवा बोलणी येणार. बत्तीस वर्षं कृषी सहायक म्हणून मी धानावरच्या किडी मोजल्या, एका चुडात, म्हणजे रोपांच्या एका झुपक्यात, किती तुडतुडे आणि किती खोडकिडे, आणि त्या मोजणीत कधी नुसता हिरवा रंग पाहिलाच नाही, असं वाटलं. धूळ बसते म्हणून झाकण काढू नका, असं तुझ्या चिठ्ठीमागं बारीक अक्षरात लिहिलेलं मी नंतर वाचलं. धूळ बसली आहे. पण मला ती दिसत नाही.

कोणती लेन्स घ्यावी याबद्दल सल्ल्याला तोटा नव्हता. प्रफुल म्हणाला, वाघांच्या मुलखात राहून लहान लेन्स घेणं म्हणजे नदीकाठी राहून बाटलीचं पाणी पिणं, घेतली तर वाघाचीच घ्या, हातभर लांब. इसरू पूर्वी आलापल्लीला वनमजूर होता. त्याचं म्हणणं असं की सागवान बुडापासून शेंड्यापर्यंत मावला पाहिजे, वाघ काय, आज आहे उद्या नाही. तुला फोनवर विचारलं (बॉडीची गोष्ट तेव्हा मुद्दाम सांगितली नाही), तर तू म्हणालास, भाऊजी, साधी किट लेन्स घ्या. इथं माझं डोकं फिरलं. अरे, जन्म गेला माझा कीट पाहण्यात. आता निवृत्तीनंतर छंद म्हणून पुन्हा कीटच पाहू काय? मी तुला काही बोललो नाही, पण तीन दिवस तुझ्यावर मनातून रागावलो होतो. चंद्रपूरच्या दुकानात गेलो तेव्हा काउंटरवरच्या रिना नावाच्या मुलीला पहिलं वाक्य हेच म्हटलं, की बाई, कीटकांची सोडून कोणतीही दाखव. तिनं मला तेच वाक्य पुन्हा म्हणायला लावलं. मग तिनं समजावलं की काका, किट म्हणजे कॅमेऱ्यासोबत संचात येते ती, त्यात किडे नाहीत.

मग तिनं दोन लेन्स मांडल्या. एक जाड, अठरा ते पंचावन्न. दुसरी पेढ्याएवढी चपटी, सोळा ते पन्नास, कॅमेरा सुरू केला की कासवासारखी मान बाहेर काढणारी आणि बंद केला की आत घेणारी. आकडा जितका लहान तितकं रुंद दिसते, एवढं मी लगेच समजलो. पण मला पैज लावायची नव्हती, म्हणून मी घरून दावं नेलं होतं. आपल्या अंगणात फोटोसाठी मागं सरकायला जागा सोळा फूट, त्यापुढं विहीर. पुढची रांग तेवीस फुटांची, माणसामाणसाच्या जागेवर एक एक गाठ. दुकानासमोरच्या फुटपाथवर मी दावं पसरलं आणि गाठी-गाठीवर पाण्याच्या बाटल्या ठेवल्या. येणारे-जाणारे थांबले, एकानं वास्तुशांती आहे काय म्हणून विचारलं. सोळा फुटांवरून जाड लेन्समध्ये टोकाची बाटली कापली जात होती. चपटीत सगळ्या मावल्या. चपटीचे कोपरे थोडे मऊ येतात आणि संध्याकाळी तिला कमी दिसते, असं रिनानं प्रामाणिकपणे सांगितलं. मी म्हटलं, आमच्याकडं सगळ्यांनाच संध्याकाळी कमी दिसते. घेतली.

आता पत्राचं कारण. काल अंगणात तालीम घेताना मी मागं सरकत गेलो आणि सोळा फूट संपल्याचं मला कमळाच्या ओरडण्यावरून कळलं. मी वाचलो, लेन्सही वाचली, पण लेन्सचं पुढचं झाकण विहिरीत गेलं. इसरूनं गळ टाकून पाहिला, जुनी बादली निघाली. तेव्हा पुण्यात तसं झाकण मिळालं तर पाहा, माप साडेचाळीस मिलिमीटर. बाकी विशेष नाही. पुनमला आशीर्वाद.

तुझा,
बापूराव

ता. क. : झाकण कुरिअरनं पाठवू नकोस. मुखरूला आता पार्सलाची भीती बसली आहे.

ता. क. २ : एक गोष्ट वर लिहिली नाही. त्या दिवशी कमळानं रडत रडत आईंच्या उजव्या कानात बातमी सांगितली, तेव्हा मधला शब्द हुंदक्यात गेला, 'आली'चं कानात 'आला' झालं आणि त्यांना 'राजदीप आला' एवढंच ऐकू आलं. त्या उठल्या, नवं लुगडं नेसल्या, चिन्नोर तांदळाचा डबा काढला आणि तुझ्यासाठी लाखोळी डाळीचे वडे टाकायला बसल्या. बाहेर सगळे रडत होते आणि म्हातारीचं डोकं फिरलं म्हणून अजून रडत होते. मग आम्ही हसू लागलो तेव्हा त्या पिठाचे हात घेऊन बाहेर आल्या आणि म्हणाल्या, 'कुठी हाये?' सगळ्यांनी खोक्याकडं बोट दाखवलं. त्यांनी खोक्यात वाकून पाहिलं. मग आत जाऊन वडे तळत राहिल्या. आम्ही तेवीस जणांनी ते खाल्ले. तू मेला नाहीस म्हणून सगळे हसत असताना वाईट वाटलेल्या त्या एकट्या होत्या, असं लिहिलं तर तू रागावशील, पण तू आला नाहीस याचं वाईट वाटलेल्या त्या एकट्याच होत्या.

ता. क. ३ : दाव्याच्या गाठी रिनानं मोजल्या होत्या. ती म्हणाली, काका, पुढच्या रांगेत माणसं अकरा सांगता आणि गाठी बारा. ही टोकाची, तुम्ही आजीच्या बाजूची म्हणता ती, रिकामीच आहे, ती कापली गेली तर काय बिघडते, जाड लेन्स घ्या, ती चांगली आहे. मी म्हटलं, तीच तर मावली पाहिजे.

ता. क. ४ : आई आता रोज कॅमेऱ्यातून पाहतात. काल विचारलं, 'जावई, याच्यातून पुणं दिसते काय?' मी सांगितलं की ही लहान लेन्स आहे, हिच्यानं दूरचं जवळ येत नाही. त्या म्हणाल्या, 'मंग त्यालेच या लागन.' पौर्णिमेच्या आदल्या दिवशी नागपूरवरून दुपारची बस धर, मी स्टँडवर येतो.