बाराचा भोंगा आणि ज्येष्ठा

केज,
बुधवार

प्रिय सत्यशीला,

हे पत्र तुला उद्या माझ्या अप्पांच्या हातून मिळेल. टपालानं रविवारच्या आत परळीला पोचलं असतं याची खात्री नव्हती. आणि फोनवर सांगायला गेले असते तर तू मध्येच "अगं, असू दे की" म्हणाली असतीस आणि मी गप्प बसले असते. वसतिगृहात दोन वर्षं एका खोलीत काढलीत आपण, माझं गप्प बसणं तुला माहीत आहे. रविवारी तुमच्याकडे लग्नपत्रिका छापायला टाकणार आहेत. त्याआधी तुला एक गोष्ट कळायला हवी. ती कळल्यावर कदाचित माझं नाव अंगदच्या नावाशेजारी छापलंच जाणार नाही. तरी लिहिते.

माझ्या कुंडलीतली जन्मवेळ खोटी आहे. तिथे सकाळचे अकरा लिहिलेत. मी जन्मले दुपारी बाराला. हे इतकं पक्कं सांगते, कारण ऊसतोडीवर आमच्या पाचटाच्या कोपीत घड्याळच नव्हतं, कारखान्याचा भोंगा होता. आई उसाच्या फडातच अडली, बायकांनी लुगड्याचा आडोसा धरला, आणि बाराच्या पाळीचा भोंगा वाजत असताना मी रडले. भोंगा थांबला, मी थांबले नाही, म्हणून अप्पा मला कितीतरी वर्षं 'बाराचा भोंगा' म्हणायचे. शाळेच्या दाखल्यावर गुरुजींनी एक जून टाकून दिला. आमच्या वर्गात निम्मी पोरं एक जूनचीच होती. खरी तारीख आणि खरी वेळ तेवढी अप्पांनी जपून ठेवली.

त्या दिवशी अकरा चौतीसपर्यंत अनुराधा नक्षत्र होतं, मग ज्येष्ठा लागलं. पंचांगावरून तीनदा आणि संगणकावरून दोनदा मी ताडून पाहिलंय. रास दोन्हीकडे वृश्चिकच, म्हणून तुमच्याकडे कुणाला शंका आली नाही. ज्येष्ठावर जन्मलेली सून थोरल्या दिराला वाईट, असं म्हणतात. म्हणजे जे काही म्हणतात ते परमेश्वर भाऊजींवर, तुझ्या कुंकवावर येतं. स्थळ तूच सुचवलंस, मला जाऊ करून घ्यायची म्हणून हट्ट तूच धरलास. तेव्हा तुझ्या सासूच्या, भिवराबाईंच्याही आधी हे तुला सांगायला हवं होतं. चार महिने उशीर झाला.

अप्पांना दोष देऊ नकोस. दोन स्थळं खरी वेळ सांगून मोडली. दुसऱ्या ठिकाणी मुलाच्या वडलांनी चहाची कपबशी तशीच पुढे सरकवून दिली. मग अप्पा नवी कुंडली करायला दुसऱ्या जोशांकडे एकटेच गेले. आल्यावर माझ्याकडे न बघता म्हणाले, "तासाचाच तर फरक हाय, पोरी. तासानं काय व्हतंय?" मी तेव्हा चोवीस वर्षांची होते, मला तोंड होतं. मी काही बोलले नाही. तो दोष माझा.

आणि ज्यांच्याकडून हे झालं त्यांनीच तर मला पहिलं शिकवलं. शाळा गावाकडे आणि आम्ही सहा महिने उसाच्या फडात. कोळशानं पत्र्यावर त्यांनी अक्षरं काढून दिली, मोळ्या मोजायला लावून पाढे घेतले. माघात पहाटे गाड्या जुंपून निघायचो तेव्हा मी गोधडीत गुंडाळून गाडीत, आणि ते बैलांपुढे चालत आभाळ दाखवायचे. सप्तर्षी म्हणजे बाजलं. आग्नेयेला तांबडा तारा वर आला की तो इंगळ. "इंगळ वर आला, आता उजाडायला येळ न्हाई," म्हणायचे. त्यांचा एकच नियम होता, दिसलं तेवढंच सांगायचं, आणि अंदाज असला तर अंदाज म्हणायचं. अप्पांचा इंगळ म्हणजेच पंचांगातली ज्येष्ठा, हे मला कॉलेजात कळलं. ज्या ताऱ्याकडे बघून मी थंडी विसरायचे त्याच्यावरूनच माझी दोन स्थळं मोडली, हे त्यानंतर.

त्यांच्या नियमानं सांगते. हा तारा आपल्यापासून सुमारे साडेपाचशे प्रकाशवर्षं दूर आहे. 'सुमारे' लिहिलंय, कारण मोजमापात अजून फरक पडतो. आज दिसतो तो उजेड तिथून निघाला तेव्हा आपल्याकडे बहामनी सुलतान होते. सूर्याच्या जागी तो ठेवला तर पृथ्वी त्याच्या पोटात जाईल, मंगळही जाईल, इतका तो फुगलेला आहे. लाल दिसतो तो रागानं नव्हे. सूर्यापेक्षा त्याचं अंग थंड आहे म्हणून लाल. लोहाराच्या भट्टीतलं लोखंड निवत आलं की लाल होतं, तसं. ग्रीक लोकांनी त्याला मंगळाचा प्रतिस्पर्धी म्हटलं, अरबांनी विंचवाचं काळीज, आपण ज्येष्ठा, म्हणजे थोरली. एवढी नावं, आणि त्याला एकही ठाऊक नाही. गंमत म्हणजे त्याच्याजवळ एक लहान निळसर तारा आहे, मोठ्या दुर्बिणीशिवाय दिसत नाही. थोरला आणि धाकटा. युगानुयुगं शेजारी आहेत आणि दोघंही सुखरूप आहेत.

हे मी आठवीच्या पोरांना बेधडक शिकवते. स्वतःच्या बाबतीत मात्र मार्चपासून माझी झोप उडाली आहे. सुपारी फुटल्यावर महिन्यानं भाऊजींची उसाची ट्रॉली उलटली आणि पाय मोडला. मी दवाखान्यात आले तेव्हा भिवराबाईंनी सगळ्यांदेखत माझ्या तोंडावरून हात फिरवून बोटं मोडली. "नव्या सुनंचा पायगुण लई चांगला हाय, म्हणून पायावर निभावलं." खरी वेळ माहीत असती तर त्याच तोंडानं त्या काय म्हणाल्या असत्या? ट्रॉली खड्ड्यानं उलटली, सत्या. मी वाचवलं नाही, मी पाडलंही नाही. पण त्या दिवशी मी खोट्या वेळेचं कौतुक घेतलं आणि मान खाली घालून उभी राहिले.

अंगदला मी सांगितलंय. तो हसला, "मग काय झालं?" म्हणाला, आणि लगेच म्हणाला, "पण घरी आता नको. लग्न झाल्यावर सांगू की हळूहळू." मी नाही म्हटलं. लग्नानंतर घरात कुणी शिंकलं तरी मी कुंडली आठवत बसेन. नंतर सांगितलं तर ती कबुली होईल, आता सांगितलं तर निदान तुम्हाला नाही म्हणायची जागा राहील. तो रुसलाय. रुसू दे.

खरं सांगू का, एवढं असूनही मी आणखी महिनाभर हे पोटात ठेवलं असतं. पण गेल्या रविवारी तुझा फोन आला. तुझ्या संस्कृतीची कुंडली करायला घेतलीस, तिचं ज्येष्ठा निघतंय म्हणालीस. "तुला आभाळातलं कळतंय, मने. येळ किती मागं घेतली म्हंजी निभंल, तेवढं काढून दे. पुढं लग्नाला अडायला नको." मी "बघते" म्हणाले आणि खरंच कागद घेऊन बसले. आकडा आला. तो मी तुला सांगणार नाही, कागद चुलीत घातलाय. जन्मवेळ लिहायची आली की माझ्या हाताला घाम फुटतो, तो त्या चार वर्षांच्या पोरीच्या हाताला मी लावून देणार नाही. दवाखान्याच्या कागदावरची तिची वेळ तशीच राहू दे. अप्पा तुमच्या ओट्यावर बसले असतील, बारा वाजले होते हे भिवराबाईंना स्वतःच्या तोंडानं सांगायला ते काल कबूल झाले. पत्र वाचून झालं की त्यांना आत बोलव, किंवा तीनच्या एसटीनं परत पाठव. उद्या पाच वाजता मी केजच्या स्टँडवर उभी असेन. अप्पा गाडीतून उतरले तर मला उत्तर कळेल, आणि मी त्यांच्याबरोबर घरी जाऊन स्वयंपाकाला लागेन. नाही उतरले, तर समजेन की तुमच्या गच्चीवर, परळीच्या वीज केंद्राच्या त्या राखेच्या धुरकट आभाळाखाली, ते संस्कृतीला मांडीवर घेऊन दिवेलागणीनंतर इंगळ वर यायची वाट बघतायत.

जाऊ झाले तरी, न झाले तरी तुझीच,
मनिषा