बिननावाचा सहावा दिवस

दहावा महिना, २१

एक अख्खा दिवस जाईल तरी कुठे? तीन दिवस डोकं फोडतेय!

धाकटा चंद्र थोरल्याच्या आडून बाहेर आला की नवं वर्ष लागायला हवं. आपल्याकडे ते एक दिवस आधीच लागतं. दरवर्षी! पण मान वर करून बघतो कोण? मनोऱ्यावर घंटा झाली, की वर्ष लागलं.

गणकसाहेबांना कागद दाखवला. चष्मा कपाळावर चढवून म्हणाले, "पदवीवाल्या आल्यापासून आकाशसुद्धा चुकायला लागलं!" पण कागद ठेवून घेतला.

दहावा महिना, २३

सापडला! बावीस वर्षांपूर्वी, दहा महिने संपल्यावर, सहा बिननावाचे, तारीख नसलेले दिवस होते. गणकांच्या कोष्टकात सहा आहेत. मनोऱ्याच्या वहीत मात्र पाच. सहाव्या दिवशी पहाटेच नव्या वर्षाची घंटा दिलेली – पहिला महिना, पहिली तारीख. माझी जन्मतारीख! म्हणजे मी खरी बिननावाच्या दिवशीची. वहीतल्या चुकीने वाचले.

त्या वर्षी मनोऱ्यावर घंटेला बाबाच होते. त्यांना विचारायला हवं.

दहावा महिना, २४

विचारलं. बाबा अंथरुणात उठून बसले, तेवढ्यानेही धाप लागली. आई पाठ चोळत होती. "चुकलो असेन मोजायला," म्हणाले. मग पुन्हा आडवे होत, "दुरुस्त करून टाक. बरोबर ते बरोबर."

आई खेकसली, "जळलं मेलं ते गणित! माणसाकडे बघ जरा!"

खरं लिहायचं तर मला वाईट वाटलं. तीस वर्षं हौदाकाठी बसून भोकाची वाटी बुडताना बघितली त्यांनी. वाटी बुडाली की एक बुडी, चाळीस बुड्यांचा दिवस. आणि चुकल्या त्या चाळीसच्या चाळीस?

चूक माझ्या पथ्यावर पडली, हेही खरं. तारीख नाही त्याला शाळा नाही, कचेरीत खुर्ची नाही. 'आमच्या घरातली पहिली पदवीधर' म्हणून आई जिला मिरवते, ती मी झालेच नसते.

दहावा महिना, ३०

साहेबांनी मान्य केलं! यंदा कोष्टकात पाच दिवस आहेत, आपण सहा पाळायचे. हरवलेला दिवस परत! जुन्या नोंदी उकरणार नाहीत. माझ्या अक्षरातलं पत्र मनोऱ्याच्या दारावर लागलंय.

झाडूवाल्या मावशीला वाचून दाखवलं. "आणखी एक बिननावाचा वाढवलास? कमाल आहे बाई तुझी!" म्हणाली. मी सांगितलं – या दिवसांत जन्मलेल्यांना तारीख मिळायलाच हवी, मी लढणार, तुलाही मिळवून देणार.

ती हसली. "मला होती की! सातव्याची अकरावी. लेक या दिवसांत गेली, तिला देऊन टाकली. म्हणून तर हातात झाडू. जिवंत माणसाचं तारखेवाचून चालतं गं. मेलेल्याच्या नावाने वर्षातून एकदा घंटा नको व्हायला?"

दोन वर्षं ती माझ्या टेबलाखालचं झाडतेय. मी कधी विचारलंच नाही.

बिननावाचा दुसरा

बाबांनी अन्न सोडलं. वैद्य म्हणाले, "दिवस सांगता येत नाही." दिवस सांगणं हे तर माझं काम!

बिननावाचा चौथा

"कितवी बुडी?" एवढंच विचारतात. आई मनाला येईल तो आकडा सांगते. ते मान हलवतात.

बिननावाचा पाचवा

कोष्टकाप्रमाणे उद्या पहाटे वर्ष लागलं असतं. आता परवा. माझ्यामुळे. बाबा, एवढा एक दिवस काढा.

बिननावाचा सहावा

गेले. सकाळी, तिसऱ्या बुडीला.

आई रडली नाही. त्यांचे पाय सरळ करता करता म्हणाली, "चुकले नव्हते ते. तू झालीस तेव्हा उजाडायचं होतं. सुईण म्हणाली, मुलगी आहे, पण दिवस बिननावाचा. तसेच अनवाणी मनोऱ्याकडे धावले. घंटा देऊन आले, तुला घेतलं. म्हणाले, आता लिहितील हिचं नाव."

"मला का नाही सांगितलंत?"

"नको म्हणाले. पोर खरेपणाची आहे, जड जाईल तिला."

तीस वर्षं गावातल्या प्रत्येक मेलेल्यासाठी ज्यांनी घंटा दिली, त्यांच्यासाठी एक ठोका नाही. मी परत आणलेल्या दिवशी गेले म्हणून!

दुपारी साहेब आले. मला बाजूला घेऊन हळूच म्हणाले, "पत्र मागे घे. आजच पहिली तारीख होती असं लिहू वहीत. तुझे बाबा आहेत, कोण बोलणार?"

हो म्हणणार होते. तोंड उघडलंही होतं. पण दारात मावशी उभी होती, ओल्या पदराने हात पुसत. तिच्या लेकीसाठी कुणी दिवस हलवला नव्हता.

"नको," म्हटलं. बाबांनी माझ्यासाठी केलं ते मला बाबांसाठी करता आलं नाही.

पहिला महिना, १

नोंदणीची खिडकी उघडली तेव्हा मी पहिलीच होते. माझ्या जन्मतारखेवरून माझं नाव खोडलं, त्या तारखेवर बाबांचं लिहिलं. कारकून दोनदा म्हणाला, "बाई, विचार करा." साहेबांच्या हातात टेबलाची किल्ली दिली.

आत्ताच बाबांची घंटा झाली. मनोऱ्याच्या पायरीवर मावशीने सरकून मला जागा केली.