सूनबाईंचं नांदूळ

घोटावडे, ता. मुळशी
बुधवार

तीर्थस्वरूप माऊलीदादा यांच्या चरणी धाकट्या चुलतभावाचा, म्हणजे नथूचा, दंडवत. तुमचा गुडघा कसा आहे? वहिनींची साखर आटोक्यात आहे ना? अकरा वर्षांत विचारलं नाही, म्हणून सगळं एकदमच विचारून घेतो. पत्र बघून चक्रावला असाल. पण फोनवर तुम्ही माझा नंबर बंद करून ठेवलाय, आणि चांद्याला तुमच्या दारात यावं तर तुमचं कुत्रं मला ओळखत नाही. (ओळखत असतं तर आणखी जोरात भुंकलं असतं, असं तुमची भावजय चंद्रा म्हणते.)

कारण आनंदाचं आहे. आपली सूनबाई स्नेहल हिंजवडीत कंप्युटरवरचे खेळ करणाऱ्या कंपनीत आहे, हे तुमच्या कानावर आलंच असेल. आलं नसेल तर नवल आहे, कारण नेऱ्यापासून पिरंगुटपर्यंत मी कुणाला सांगायचं बाकी ठेवलेलं नाही. तिचं काम म्हणजे खेळ ज्या जगात घडतो ते जग तयार करायचं. डोंगर, नद्या, तिथलं शास्त्र, तिथले सण, शिव्यासुद्धा. लोकांच्या सुना पोळी गोल करतात, आमची आख्खी पृथ्वी गोल करते आणि वर पगार घेते.

तिच्या त्या जगात नांदूळ म्हणून एक प्रकार आहे. मधे एक चौकोनी घर. त्याच्या चारी अंगांना चिकटून त्याच्या निम्म्या मापाचं, हुबेहूब तसंच घर. त्या निम्म्याच्या मोकळ्या अंगांना पुन्हा त्याच्या निम्मं, आणि असं करत मुंगीच्या बिळापर्यंत, तिच्याही पुढं. तिथली झाडं अशीच वाढतात, गावं अशीच वसतात. तिथल्या शास्त्रज्ञांनी चिमूटभर धूळ भिंगाखाली धरली तर आत पुन्हा नांदूळ! सगळ्यांत शेवटचं नांदूळ असतं की नसतं, यावर तिथं दोन पंथ आहेत आणि त्यांच्यात सोयरीक होत नाही. कायदाही तिथं निम्म्यानिम्म्याचाच: चोराला आठ दिवस कोठडी झाली की न्यायाधीशाला चार दिवस, न्यायाधीशाच्या गुरूला दोन. (आपल्याकडे हा कायदा आणला तर तालुक्याला एक खुर्ची भरलेली दिसायची नाही.) हे सगळं त्या पोरीच्या डोक्यातून आलंय, दादा. मला तर भाडेकरूंची नावंसुद्धा आठवत नाहीत.

आता खरी गोष्ट. येत्या रविवारी सकाळी दहाला कंपनीचे मोठे साहेब ठरवणार की खेळ स्नेहलच्या जगात घ्यायचा, का दुसऱ्या एकाच्या आग ओकणाऱ्या सरड्यांच्या जगात. साहेबांना नांदूळ कागदावर काही पटेना. पोरगी दोन दिवस नीट जेवली नाही. मी म्हटलं, हात्तिच्या, एवढंच ना? आपल्या रानात बांधूनच दाखवू, साहेबांना इकडंच बोलाव.

तिनं माप काढून दिलं. मधलं घर बारा फुटांचं, मग सहा, तीन, दीड, आणि पुढं तसंच. कितीही जोडत गेलं तरी सगळा पसारा छत्तीस फुटांच्या बाहेर कधीच जात नाही म्हणे. मी आणि गेणू गवंडी टेप घेऊन बसलो, गव्हाच्या दाण्याएवढ्या घरापर्यंत बेरीज केली, छत्तीस काही भरेना. मला भरून आलं. गेणूला चहा हवा होता.

पण दादा, जित्याची खोड. मी पंधरा वर्षं भाड्याच्या खोल्या बांधणारा माणूस. सहा फुटांची खोली घेणार कोण? म्हणून तिला न सांगता मी सगळीच घरं बारा फुटांची घेतली. गेणू म्हणाला, "नाना, ह्ये वाढतच चाललंय. थांबायचं कुटं?" मी म्हटलं, तू वीट लाव. स्नेहल संध्याकाळी ऑफिसातून आली, डोक्यावर हेल्मेट तसंच, आणि टेप घेऊन दोन घरं मोजली. ओरडली असती तर बरं झालं असतं. "नाना, हे नांदूळ नाही झालं, ही चाळ झाली," एवढंच बोलली आणि चहा न घेता आत गेली. आजवर चाळीस खोल्या बांधल्या, पण वीट लावल्याची अशी लाज कधी वाटली नव्हती. दुसऱ्या दिवशी घण घेतला आणि एकेक भिंत माझ्या हातानं पाडली.

आता मापात बांधलंय. सहा फुटांत अवजारं ठेवलीत, तीन फुटांत करडं, दीड फुटात कोंबड्या, त्याच्या निम्म्यात पणती. पुढची घरं गेणूनं मातीची केली, पार मोहरीएवढी. त्यांत मुंग्या राहायला आल्यात. "त्यांचा करार केला का?" असं चंद्रा विचारते. गाव बघायला लोटतंय आणि मी छाती काढून सगळ्यांना शास्त्र समजावतो. स्नेहल परवा गेणूला म्हणाली, आमचे नाना मापाला पक्के. मी भिंतीआड उभा राहून दोनदा ऐकलं. (दुसऱ्यांदा गेणूला बोलायला लावून.)

वहिनींना नमस्कार, नातवंडांना पापे. काही अधिकउणं लिहिलं गेलं असेल तर धाकटा म्हणून सोडून द्या.

तुमचा
नथू

ता. क. एक सांगायचं राहिलं. भाडेकरूंच्या गाड्यांना जागा ठेवावी म्हणून मी मधलं घर जरा पूर्वेला सरकवून आखलं. त्यामुळं त्या अंगाला खुराड्यापासून पुढचं सगळं बांध ओलांडून तुमच्या रानात गेलंय. तीन फूट.

ता. क. २. पण शास्त्रानं बघा. मधलं सोडलं तर त्या सरळ रांगेत माझ्या हद्दीत दोनच घरं, तुमच्या हद्दीत मोजता येणार नाहीत इतकी. म्हणजे मान तुमचाच. साहेब बघून जाईपर्यंत तेवढं पाडू नका. एक अंग तुटलं तर पोरीचं सगळं जग लंगडं दिसेल.

ता. क. ३. तुम्ही बांध वीतभर माझ्याकडे सारलात म्हणून मी चारचौघांत तुम्हाला नाही नाही ते बोललो, मोजणी आणली, आणि तुम्ही बोलणं टाकलंत. नकाशा महिन्यानं आला. ती वीत तुमचीच होती. अकरा वर्षं तो माझ्या कपाटात कपड्यांखाली आहे. रविवारी दहाच्या आधी या, हातात देतो. चारचौघांत वाच म्हणालात तर वाचतो. स्नेहलला यातलं काही माहीत नाही. तिला मीच सांगणार आहे. तुम्ही आलात तर तुमच्यासमोर सांगेन. नाही आलात तरी सांगेन, फक्त तेव्हा मला एकट्याला उभं राहावं लागेल.